गुरांना अभिनय करता येत नाही: सुरुवातीच्या मूकपटांत रँचवरचं खरं आयुष्य कसं शोधायचं

तुमचा प्रश्न असा: महाविद्यालयाच्या फिल्म क्लबसाठी तासाभराचा कार्यक्रम करायचा आहे. विषय अमेरिकेतल्या रँचवरचं, म्हणजे गुरं पाळण्याच्या मोठ्या मळ्यावरचं रोजचं आयुष्य, आणि साहित्य फक्त मूकपटांच्या सुरुवातीच्या काळातलं. त्या फितींत खरं आयुष्य कितपत सापडतं, नाटक कुठे संपतं आणि काम कुठे सुरू होतं हे कसं ओळखायचं, आणि नेमकं काय दाखवायचं?

जुन्या फिती तपासून, दुरुस्त करून त्यांची डिजिटल प्रत बनवण्याच्या कामात मी बरीच वर्षं आहे. या कामात एकच फीत पुन्हापुन्हा, एकेक चौकट थांबवून पाहावी लागते. त्यामुळे प्रेक्षक म्हणून कधी नजरेत न भरलेल्या गोष्टी दिसायला लागतात. त्या अनुभवावरून सांगतो: खरं आयुष्य या फितींत भरपूर आहे, पण ते गोष्टीत शोधू नका. ते गुरांमध्ये, दोरांमध्ये आणि माणसांच्या हातांमध्ये आहे. नायक खोटा असू शकतो, दरोडा तर खोटा असतोच, पण गुरांना अभिनय करता येत नाही. वासरू फासात अडकलं की ते खरंच अडकलेलं असतं. आणि त्याला धरणाऱ्या माणसाला ते काम येतं की नाही, हे दोन-तीन सेकंदांत कळतं.

आधी काळाचा हिशेब लावून घ्या, कारण बहुतेकांची गल्लत इथेच होते. टेक्सासातून हजारो गुरं हाकत कॅन्ससच्या रेल्वे स्टेशनापर्यंत नेणारा जो काउबॉय आपल्या डोळ्यांसमोर असतो, त्याचा काळ मुख्यतः १८६६ पासून १८८० च्या दशकापर्यंतचा. १८७४ मध्ये जोसेफ ग्लिडनला काटेरी तारेचं पेटंट मिळालं आणि मोकळी कुरणं हळूहळू बंदिस्त व्हायला लागली. १८८६-८७ च्या हिवाळ्यात उत्तरेकडच्या मैदानांवर बर्फाने गुरांचे कळपच्या कळप मारले आणि गुरं उघड्यावर सोडून देऊन वर्षातून दोनदा गोळा करायची, हा धंदा मोडला. रेल्वेचे फाटे रँचच्या जवळ आले, तसं गुरं लांबवर हाकत नेणंही संपलं. एडिसनच्या कंपनीने फिती काढायला सुरुवात केली ती यानंतर. म्हणजे कॅमेरा पोचला तेव्हा मोकळ्या कुरणांचा काळ सरलेला होता. फितींत दिसते ती कुंपण घातलेली, रेल्वेने बाजाराशी जोडलेली, महिन्याला तीस-चाळीस डॉलरच्या पगारावर माणसं ठेवणारी रँच. विद्यार्थ्यांना हे सुरुवातीलाच सांगा. नाहीतर ते प्रत्येक फितीत त्याआधीच्या काळाची साक्ष शोधत बसतील आणि समोर असलेली दुसरी साक्ष त्यांच्या हातून निसटेल.

काउबॉय पडद्यावर आला तोही रँचवरून नाही. १८९४ च्या शरद ऋतूत न्यू जर्सीतल्या वेस्ट ऑरेंज इथे, एडिसनच्या प्रयोगशाळेच्या आवारात, बफेलो बिलच्या 'वाइल्ड वेस्ट' या घोडेस्वारी-नेमबाजीच्या खेळातल्या मंडळींना बोलावून काही फिती काढल्या गेल्या. त्यांतल्या 'बकिंग ब्राँको' या फितीत ली मार्टिन नावाचा स्वार उधळलेल्या घोड्यावर बसलेला आहे आणि एक जण कुंपणावर उभा राहून पिस्तूल झाडतो आहे. बफेलो बिलचा खेळ १८८३ पासून तिकीट लावून चालू होता. म्हणजे पडद्यावरचा पहिला काउबॉय हा आधीच प्रेक्षकांची सवय झालेला काउबॉय होता. ही फीत कार्यक्रमात जरूर घ्या, पण ती कामाची नोंद म्हणून नको, कामाच्या खेळाची नोंद म्हणून. रँचवर घोडा शिकवताना कुणी शेजारी गोळ्या झाडत नाही. तिथे सगळा प्रयत्न जनावर शांत ठेवण्याचा असतो. घोड्याची पाठ मात्र खरी आहे. तिची कमान कशी होते आणि स्वार कमरेतून कसा ढिला राहतो ते पाहण्यासारखं आहे.

कामाच्या खऱ्या नोंदी येतात त्या १८९८ च्या आसपास. एडिसन कंपनीचे जेम्स व्हाइट आणि कॅमेरामन फ्रेडरिक ब्लेकिंडन १८९७-९८ मध्ये अमेरिकेचा पश्चिम भाग आणि मेक्सिको फिरले. या दौऱ्याला रेल्वे कंपन्यांची मदत होती, कारण पश्चिमेकडे प्रवासी आणि वसाहतदार यावेत हे त्यांच्या फायद्याचं होतं. त्या काळातल्या एडिसनच्या छोट्या फितींचे विषय पाहा: नदी ओलांडणारी गुरं, कोंडवाड्यातून बाहेर पडणारी गुरं, फास टाकून पाडलेला गोऱ्हा, वासरांना डाग देणं, म्हणजे तापलेल्या लोखंडाने मालकीची खूण उमटवणं. प्रत्येक फीत पन्नास फुटांच्या आसपास. पस्तीस मिलिमीटरच्या फितीत फुटाला सोळा चौकटी बसतात, म्हणजे एकूण आठशे चौकटी. कॅमेऱ्याच्या वेगाप्रमाणे वीस ते पन्नास सेकंद. रेल्वेचा हेतू लक्षात ठेवलात तर या फितींत आजारी जनावर, दुष्काळाने फुटलेली जमीन किंवा रिकामा बसलेला माणूस का नाही, हे आपोआप उलगडतं. पण जे दिसतं ते रचलेलं नाही. कॅमेरा तिवईवर एका जागी उभा आहे आणि त्याच्यासमोर रोजचं काम चाललेलं आहे.

या फिती आपल्याला पाहायला मिळतात त्याचं कारण कायद्यातली एक उणीव. १९१२ पर्यंत अमेरिकेच्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटांना स्वतंत्र जागा नव्हती. म्हणून कंपन्या फीत फोटोच्या कागदाच्या लांब पट्टीवर उतरवायच्या आणि छायाचित्र म्हणून नोंदवायच्या. मूळ फिती नायट्रेटच्या, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या; त्या जळाल्या, चिकटल्या, भुगा झाल्या. कागदाच्या गुंडाळ्या वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये पडून राहिल्या. पुढे १९५० आणि ६० च्या दशकांत केम्प नायव्हर यांनी त्यांतल्या तीन हजारांवर गुंडाळ्या चौकट-चौकट करून पुन्हा फितीवर घेतल्या. आज तुम्हाला दिसणारी धूसर, किंचित थरथरणारी प्रतिमा त्या कागदावरून आलेली आहे. नंतरच्या काळातल्या पूर्ण लांबीच्या अमेरिकन मूकपटांपैकी सुमारे ७० टक्के कायमचे गेले आहेत. आपल्याकडेही फाळक्यांच्या पिढीने त्याच प्रकारच्या नायट्रेट फितीवर, हाताने दांडा फिरवायच्या कॅमेऱ्याने काम केलं आणि त्यातलंही फारच थोडं उरलं. त्यामुळे आठशे कागदी चौकटींत एक वासरू, एक घोडा आणि चार माणसं नीट दिसतात, याचं मला आजही अप्रूप वाटतं.

डाग देण्याची फीत कशी पाहायची ते जरा सावकाश सांगतो, कारण तुमच्या कार्यक्रमाचा गाभा तोच असावा असं मला वाटतं. बहुतेक प्रेक्षक वासराकडे आणि तापलेल्या लोखंडाकडे पाहतात. तुम्ही पहिल्यांदा घोड्याकडे पाहा. स्वाराने फास टाकून वासराचे मागचे पाय पकडले की पुढचं निम्मं काम घोड्याचं असतं. तो जनावराकडे लक्ष ठेवून, पाय रोवून दोर ताणलेला ठेवतो. दोर ढिला पडला की न सांगता एक पाऊल सरतो. हे घोड्याला एका दिवसात शिकवता येत नाही, आणि शहरात भाड्याने मिळणाऱ्या घोड्याला ते येत नाही. दुसऱ्यांदा पाहताना जमिनीवरच्या दोन माणसांकडे पाहा. एक जण वासराची मान आणि पुढचा पाय दुमडून धरतो, दुसरा मागे बसून एक पाय आपल्या पायाने रेटतो आणि दुसरा हाताने खेचतो. आपल्याकडे पत्री ठोकायला बैल आडवा पाडतात, तेव्हा वजन कुठे टाकायचं हे जुन्या माणसाला जसं न बोलता कळतं, तसंच हे. तिसऱ्यांदा डागणीकडे पाहा. सराईत माणूस लालभडक लोखंड वापरत नाही. राखेसारखा करडा रंग आला की ते योग्य तापलेलं असतं. लाल लोखंडाने कातडी खोल भाजते, जखम चिघळते आणि खूण पसरट होते. रंग फितीत दिसणार नाही, पण हात किती वेळ टेकतो ते दिसतं. आधी केस जळतात, तेव्हा पांढरा धूर उठतो. मग हात किंचित हलवून टेकवला जातो आणि उचलला जातो. धूर उठल्यावरही माणूस कॅमेऱ्याकडे न पाहता जनावराकडेच पाहत असेल, तर ती फीत खऱ्या कामाची आहे असं समजायला हरकत नाही. त्याच वेळी कानाला खूण करणं आणि नर वासरू असेल तर खच्ची करणं ही कामंही उरकली जायची. प्रेक्षकांच्या भीतीने म्हणा किंवा कंपनीच्या धोरणाने, ती पडद्यावर फारशी येत नाहीत.

यावरून दुसऱ्या गोष्टीकडे वळतो: कॅमेऱ्याला काय दिसूच शकत नव्हतं. तेव्हाची फीत निळ्या प्रकाशाला संवेदनशील आणि लाल रंगाला जवळपास आंधळी होती. तिला लख्ख ऊन लागायचं. त्यामुळे रँचवरचं अर्धं आयुष्य पडद्याबाहेर राहिलं. रात्रीची राखण घ्या: आळीपाळीने दोन-दोन तास कळपाभोवती घोडा फिरवणं, गुरं बिथरू नयेत म्हणून हलक्या आवाजात गाणं म्हणत राहणं. याची एकही खरी रात्रीची नोंद त्या काळात होऊ शकत नव्हती. पहाटे तीनला उठून चूल पेटवणारा स्वयंपाकी नाही. झोपायच्या बराकीच्या आतलं काही नाही. पाऊस, गारपीट, बर्फात अडकलेली गाय ओढून काढणं नाही. आणि कुंपण! विसाव्या शतकाच्या सुरुवातीला रँचवरच्या माणसाचे कित्येक दिवस खांब पुरण्यात, तार ताणण्यात, पवनचक्कीला तेल देण्यात आणि हिवाळ्यासाठी गवत कापून रचण्यात जायचे. यात धूळ उडत नाही, काही पळत नाही, म्हणून कॅमेरा तिकडे वळला नाही. विद्यार्थ्यांना हे सांगताना पडदा काळा ठेवून दोन मिनिटं नुसतं बोललात तरी चालेल. ज्याची नोंद झाली नाही त्याची जाणीव असल्याशिवाय नोंद झालेल्याचं प्रमाण कळत नाही.

१९०३ नंतर गोष्टीचे चित्रपट आले आणि रँच ही पार्श्वभूमी झाली. एडविन पोर्टरचा 'द ग्रेट ट्रेन रॉबरी' न्यू जर्सीतच चित्रित झाला होता आणि त्यात रँचवरचं आयुष्य जवळपास नाही, म्हणून तो तुमच्या यादीतून वगळा. कितीही प्रसिद्ध असला तरी. शिकागोच्या सेलिग कंपनीची १९१० ची 'रँच लाइफ इन द ग्रेट साउथवेस्ट' मात्र महत्त्वाची आहे. तिच्यात कथा नावापुरतीही नाही. गुरं गोळा करणं, फास टाकणं, गोऱ्हा पाडणं, अशी कामं आणि कसरती आहेत. पुढे काउबॉयपटांचा मोठा तारा झालेला टॉम मिक्स सिनेमात आला तो या सुमारास. तो आधी ओक्लाहोमातल्या मिलर बंधूंच्या १०१ रँचवर होता. ही रँच लाखभर एकरांची, पण तिचाच स्वतःचा 'वाइल्ड वेस्ट' खेळही होता. म्हणजे तिथली माणसं आठवडाभर काम करायची आणि त्याच कामाचा खेळही करायची. काम आणि खेळ यांची सरमिसळ इतकी झाली होती की कॅमेऱ्यासमोर कुठला भाग कुठला, हे त्यांनाही वेगळं काढून सांगता आलं नसतं.

१९११ च्या अखेरीस हा १०१ रँचचा खेळ हिवाळ्यासाठी कॅलिफोर्नियात व्हेनिसला मुक्कामाला होता. न्यूयॉर्क मोशन पिक्चर कंपनीने सगळाच्या सगळा ताफा करारावर घेतला: स्वार, घोडे, गुरं, गाड्या, मूळनिवासी कलाकार. दिग्दर्शक थॉमस इन्सने त्यांना घेऊन सांता मोनिकाजवळच्या डोंगराळ किनाऱ्यावर चित्रपटांची रांग लावली. त्यामुळे १९१२ नंतरच्या त्याच्या चित्रपटांत एक विचित्र गोष्ट घडते. समोर नाट्यगृहातून आलेला नट हातवारे करत असतो आणि त्याच्या मागे, चौकटीच्या कडेला, एखादा माणूस घोड्याचा तंग, म्हणजे खोगिराचा पोटाखालचा पट्टा, आवळत असतो. गुडघा घोड्याच्या पोटाला टेकवतो, घोड्याने श्वास सोडेपर्यंत थांबतो, मग एकदम खेचतो. त्याला कुणी ते करायला सांगितलेलं नाही. हातांना सवय आहे एवढंच. पुढे हॉलिवूडमध्येही हेच चालू राहिलं. रँचवरची कामं कमी झाली तशी माणसं सनसेट आणि गोवर रस्त्यांच्या कोपऱ्यावर उभी राहायला लागली. दिवसाच्या मजुरीवर त्यांना गर्दीत घोडेस्वार म्हणून घेतलं जायचं. म्हणून माझा आग्रह असा की गोष्टीचा चित्रपट दाखवायचा असेल तर आवाज नसल्याचा फायदा घ्या आणि विद्यार्थ्यांना सांगा: नायकाकडे पाहू नका, कडेला पाहा.

कडेला काय पाहायचं? खोगिरापासून सुरुवात करा. टेक्सासच्या खोगिराला बहुधा दोन तंग असतात, कॅलिफोर्नियाच्या खोगिराला मधोमध एकच. याचा संबंध दोराशी आहे. टेक्सासचा स्वार दोराचं टोक खोगिराच्या पुढच्या खुंट्याला पक्कं बांधून ठेवतो. जनावराने हिसका दिला की सगळा ताण खोगिरावर येतो आणि मागचा तंग नसेल तर खोगीर पुढे उलटतं. कॅलिफोर्नियाचा स्वार टोक बांधत नाही. फास पडल्यावर तो खुंट्याभोवती झटपट दोन-तीन वेढे घेतो आणि हिसका बसताना दोर थोडा सरकू देतो. अंगठा वेढ्यात सापडला तर तुटतो. अंगठा गमावलेली माणसं त्या भागात नवलाची नव्हती. तेव्हा कथा टेक्सासची आहे आणि सगळी खोगिरं एका तंगाची आहेत, तर चित्रीकरण कुठे झालं आणि माणसं कुठली, हे पाटी न वाचताही कळतं. तसंच पायांवरच्या केसाळ कातड्याच्या चॅप्सचं. ते मोंटाना, वायोमिंगच्या थंडीतले. दक्षिणेच्या उन्हात, निवडुंगांमध्ये कुणी ते घालून हिंडत असेल तर तो कपडेपटाचा निर्णय आहे, रँचचा नाही.

गुरांची जातही बोलते. लांब शिंगांची लाँगहॉर्न गुरं १८६० आणि ७० च्या दशकांतली. पुढे रँचवाल्यांनी मांस जास्त मिळावं म्हणून हेरफोर्डचं रक्त आणलं: तांबूस अंग, पांढरं तोंड. लालाला आंधळ्या फितीवर ते अंग काळं येतं आणि तोंड लख्ख पांढरं, त्यामुळे हेरफोर्ड कितीही धुळीत ओळखू येतं. कथा १८६७ ची आणि कळप पांढऱ्या तोंडांचा, असं मूकपटांत सर्रास दिसतं. १९२० च्या दशकापर्यंत लाँगहॉर्न इतके कमी झाले होते की १९२७ मध्ये सरकारने ओक्लाहोमातल्या विचिटा डोंगरांत त्यांचा एक कळप मुद्दाम राखला. म्हणून १९२४ चा 'नॉर्थ ऑफ ३६' मला इतका मोलाचा वाटतो. टेक्सासातून उत्तरेकडे गुरं नेण्याची ती कथा आहे आणि तिच्यासाठी टेक्सासातच जाऊन खऱ्या लाँगहॉर्नचा मोठा कळप घेऊन चित्रीकरण झालं. प्रेमकथा नेहमीची आहे, ती सोडून द्या. कळप पाण्यात उतरतो तो भाग दाखवा.

इथे एक इशारा. गुरांना अभिनय येत नाही, पण जनावराला जबरदस्तीने हवं ते करायला लावता येतं. घोडा भरधाव येऊन तोंडावर आपटतो अशा दृश्यांत कित्येकदा त्याच्या पायांना तार बांधलेली असायची. त्यात घोडे जखमी झाले, मेले. तो रँचवरचा अपघात नाही. ती क्रूरता पडद्यासाठी केलेली आहे. अशी दृश्यं मी स्वतः कार्यक्रमात घेत नाही, आणि घेतली तर आधी सांगतो.

आता तुम्हाला कदाचित माहीत नसलेली फीत: १९१७ ची, जेमतेम तीन मिनिटांची, 'हाउ द काउबॉय मेक्स हिज लॅरिअट'. पेड्रो लिओन नावाचा कारागीर कच्च्या चामड्याचा दोर कसा बनवतो, एवढाच विषय. या कामाची रीत अशी: सोललेलं, केस काढलेलं, न कमावलेलं कातडं गोलाकार कापत जायचं, म्हणजे एकाच कातड्यातून लांबलचक अखंड वादी निघते. वादीची रुंदी सगळीकडे सारखी हवी, नाहीतर दोर जिथे बारीक तिथे तुटणार. वाद्या ओलसर ठेवून चार पेडांची वेणी घालायची, प्रत्येक पेड सारखाच ओढायचा. मग दोर ताणून, घासून गोल करायचा आणि चरबी चोळायची. साठ फूट आणि त्याहून लांब दोर असे बनत. मेक्सिकोच्या वाकेरोंकडून, म्हणजे तिथल्या घोडेस्वार गुराख्यांकडून, हे कसब कॅलिफोर्नियात आलं, आणि अमेरिकन काउबॉयचं खोगीर, दोर, फास टाकण्याची पद्धत यांतलं बरंचसं त्यांच्याचकडून घेतलेलं आहे. कथापटांत मेक्सिकन माणूस बहुतेक वेळा खलनायक असतो. ही फीत त्याला कारागीर म्हणून, त्याच्या नावासह, हातांसह दाखवते. मी तुमच्या जागी असतो तर संपूर्ण कार्यक्रमात हीच एक फीत दोनदा दाखवली असती: एकदा नुसती, एकदा थांबवत.

पडद्यावरून गाळलेल्या माणसांत कृष्णवर्णीय काउबॉय मोठ्या संख्येने आहेत. गुरं हाकण्याच्या काळात दर चारांपैकी एक जण कृष्णवर्णीय होता, असा अंदाज इतिहासकार अनेकदा देतात. कथापटांत तो जवळजवळ नाही. अपवाद बिल पिकेट. धावत्या घोड्यावरून गोऱ्ह्याच्या शिंगांवर झेप घेऊन, त्याचा ओठ दातांत धरून त्याला पाडण्याची पद्धत त्याच्या नावावर आहे. तोही १०१ रँचचाच माणूस. फ्लोरिडातल्या जॅक्सनव्हिलच्या रिचर्ड नॉर्मनच्या कंपनीने १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला त्याला घेऊन 'द बुल-डॉगर' काढला. चित्रीकरण ओक्लाहोमातल्या बोली या कृष्णवर्णीयांनी वसवलेल्या गावी झालं. आज फक्त काही तुकडे शिल्लक आहेत. तुकडेच दाखवा, आणि पूर्ण चित्रपट उरलेला नाही हेही सांगा. १९३२ मध्ये घोड्याच्या लाथेने जखमी होऊन पिकेट वारला. तेव्हाही तो घोड्यांचंच काम करत होता.

बायकांच्या बाबतीत परिस्थिती याहून वाईट आहे. रँचवरच्या बाईचं काम, दूध, कोंबड्या, धुणं, बाळंतपणं, हिशेब, यांतलं काहीच कुणाला चित्रित करावंसं वाटलं नाही. १९१८ चा 'द लेडी ऑफ द डगआउट' थोडा जवळ जातो. त्याचा नायक आणि निर्मितीतला भागीदार अल जेनिंग्ज हा एके काळचा खरा दरोडेखोर, त्यामुळे त्याच्या स्वतःबद्दलच्या बढाया बाजूला ठेवाव्या लागतात. पण जमिनीत खणलेलं ते घर, आजूबाजूला एक झाडही नसलेलं माळरान आणि घरात खायला नसलेली आई आणि मूल, हे बाकीच्या चित्रपटांत न दिसणारं दारिद्र्य आहे. शेतकरी वसाहतदाराचं म्हणा हवं तर, रँचचं नाही, तरी घ्या.

चार्ल्स गुडनाइटचं नाव तुमच्या वाचनात आलं असेल. प्रवासात स्वयंपाकासाठी वापरायची चक वॅगन त्याने १८६६ मध्ये लष्कराच्या जुन्या गाडीवर मागे कप्प्यांचं कपाट बसवून बनवली. १९१६ मध्ये, वयाच्या ऐंशीव्या वर्षी, त्याने टेक्सासातल्या आपल्या रँचवर 'ओल्ड टेक्सास' नावाचा चित्रपट काढवला आणि त्यासाठी कायोवा या मूळनिवासी लोकांना बोलावून आपल्या राखलेल्या कळपातल्या अमेरिकन गव्याची (बायसनची) शिकार घडवून आणली. ज्याने तो काळ प्रत्यक्ष जगला त्यानेच तो कॅमेऱ्यासाठी पुन्हा उभा केला, म्हणजे ही एकाच वेळी साक्षही आहे आणि नाट्यही. विद्यार्थ्यांशी चर्चा करायला यापेक्षा चांगलं उदाहरण मला सुचत नाही.

आणि शेवटाकडे १९२५ चा 'वुमनहँडल्ड' ठेवा. विनोदी चित्रपट आहे, दिग्दर्शक ग्रेगरी ला कावा. शहरातला तरुण प्रेयसीला आवडतं म्हणून मर्द काउबॉय व्हायला टेक्सासात जातो, तर तिथली माणसं मोटारगाडीतून गुरं वळत असतात. मग ती येणार म्हटल्यावर सगळी रँच जुन्या पश्चिमेसारखी सजवावी लागते. तोपर्यंत प्रेक्षकांनी इतके काउबॉयपट पाहिले होते की खऱ्या रँचलाच चित्रपटासारखं दिसावं लागत होतं. गंभीर चित्रपटांनी जे लपवलं, ते या विनोदी चित्रपटाने सरळ दाखवलं: १९२५ मध्ये रँचवर मोटार होती.

आता दाखवण्याच्या तयारीबद्दल. सर्वांत आधी वेग. या फिती हाताने दांडा फिरवून घेतलेल्या आहेत, बऱ्याचशा सेकंदाला सोळा-अठरा चौकटींच्या आसपास. इंटरनेटवरच्या अनेक प्रती सेकंदाला चोवीस चौकटींनी चालतात आणि माणसं तुरुतुरु पळताना दिसतात. प्लेअरमध्ये वेग ०.७५ केलात की चोवीसाच्या अठरा होतात. एडिसनच्या १८९४ च्या फिती याला अपवाद. त्या बऱ्याच जास्त वेगाने घेतलेल्या आहेत. निकष एकच ठेवा: घोड्याची चाल. चालणारा घोडा चालताना दिसला पाहिजे. पाठलागाची दृश्यं मात्र तेव्हाच मुद्दाम कमी वेगाने घेतलेली असायची, ती तशीच राहू द्या.

दुसरं, रंग भरलेल्या आणि यंत्राने 'सुधारलेल्या' प्रती घेऊ नका. संगणक धुळीला खराबी समजून पुसतो, हलणारा दोर मधूनच गायब करतो आणि नसलेले चेहरे तयार करतो. आपण इथे जे शोधतोय, दोराचा ताण, हाताची पकड, धुराचा क्षण, नेमकं तेच त्यात आधी जातं. लायब्ररी ऑफ काँग्रेस आणि अमेरिकेतल्या नॅशनल फिल्म प्रिझर्व्हेशन फाउंडेशनच्या संकेतस्थळांवरच्या प्रती डागाळलेल्या दिसल्या तरी त्याच घ्या. १९२९ पर्यंत प्रदर्शित झालेले चित्रपट अमेरिकेत आता हक्कमुक्त आहेत. नव्या संगीतावर मात्र हक्क असू शकतो, म्हणून आवाज बंद करून दाखवणं सोपं.

संगीताचं विचाराल तर कामाच्या फितींना कसलंही संगीत लावू नका. कुणीतरी शेजारी बसून काय चाललंय ते बोलत राहावं. त्या काळी अनेक ठिकाणी असा सांगणारा माणूस असायचाच. क्लबात कुणी गुरं राखलेल्या घरातलं असेल, तर डाग देण्याच्या फितीच्या वेळी माइक त्याच्या हातात द्या. कथापटांना एक पेटी किंवा गिटार पुरे, तीही नायकाच्या मागे धावणारी नको. क्रम १८९४, १८९८, १९१०, १९१७, पिकेटचे तुकडे, 'नॉर्थ ऑफ ३६' मधला कळपाचा भाग आणि मग 'वुमनहँडल्ड' मधली दहा मिनिटं, असा लावलात तर थांबवून दाखवण्यासह तासाभरात बसेल.